मोठ्या फाईली तुकड्यांनी उतरवता आल्या पाहिजेत

मा. संपादक,
स.न.वि.वि.

जुनी गॅझेटियरे, राजपत्रे, मोजणीचे अहवाल आणि नकाशे स्कॅन करून संकेतस्थळांवर खुले करण्याचे काम अनेक शासकीय कार्यालये व संस्था करीत आहेत, त्याबद्दल ग्रंथालयात काम करणारी व्यक्ती म्हणून मला मनापासून कृतज्ञता वाटते. मात्र या फाईली ज्या पद्धतीने लोकांच्या हाती दिल्या जातात, तिच्यात एक दोष वारंवार आढळतो. तो दूर करण्याला खर्च फारसा येत नाही, म्हणूनच हे पत्र लिहीत आहे.

मी सिंधुदुर्ग जिल्ह्यातील एका सार्वजनिक वाचनालयात आहे. गेल्या पावसाळ्यात स्थानिक इतिहासाचा अभ्यास करणाऱ्या आमच्या एका सभासदांना एका जुन्या अहवालातील अवघी अकरा पाने हवी होती. अहवाल एका कार्यालयाच्या संकेतस्थळावर ४१२ एमबीच्या एकाच पीडीएफ फाईलमध्ये होता. वीज गेल्यामुळे वाचनालयाची लाइन बंद होती, म्हणून मोबाइलच्या डेटावर डाउनलोड सुरू केले. तीनदा ते साडेतीनशे एमबीच्या पुढे जाऊन तुटले आणि तिन्ही वेळा पुन्हा शून्यापासून सुरू झाले. दिवसाचा दीड जीबी डेटा असतो. त्यातला एक जीबीहून अधिक खर्ची पडला आणि हाती एक पानही लागले नाही.

वास्तविक यावर उपाय जुनाच आहे. वेबवरील देवाणघेवाण ज्या एचटीटीपी नियमांनी चालते, त्यांच्या १.१ या आवृत्तीत, म्हणजे जानेवारी १९९७ पासून, फाईलचा ठरावीक भागच मागण्याची सोय आहे. विनंतीसोबत ‘रेंज’ नावाची एक ओळ पाठवून ‘० ते १०४८५७५ क्रमांकाचे बाइट द्या’ असे सांगितले, की सर्व्हर (फाईल पुरवणारी यंत्रणा) नेमका पहिला एक एमबी देतो आणि उत्तरावर २०६ हा क्रमांक टाकतो, म्हणजे ‘हा फाईलचा एक भाग आहे’. पुढच्या खेपेला १०४८५७६ पासून मागायचे. मोजणी शून्यापासून होते आणि शेवटचा बाइटही धरला जातो, एवढे लक्षात ठेवले की पंधरा-वीस ओळींची स्क्रिप्ट, म्हणजे छोटासा प्रोग्रॅम, हे काम रात्रभर बिनबोभाट करते. संपर्क तुटला तरी आलेला भाग वाया जात नाही. शिवाय पीडीएफमधील कोणता घटक फाईलमध्ये कुठे आहे याची सूची बहुधा फाईलच्या शेवटी असल्यामुळे, आधी शेपूट आणि मग हवी तेवढी पाने मागवणेही शक्य असते. आमच्या सभासदांना नेमके तेवढेच तर हवे होते!

मी अशी स्क्रिप्ट चालवून पाहिली. २४० एमबीवर संपर्क तुटला, म्हणून तिने पुढचा भाग मागितला. पण त्या सर्व्हरने ‘रेंज’ची ओळ मनावरच घेतली नाही आणि २०० हा क्रमांक टाकून संपूर्ण फाईल पहिल्यापासून पाठवली. उत्तराचा क्रमांक तपासण्याची अट माझ्या स्क्रिप्टमध्ये नव्हती. तिने ते सगळे आधीच्या भागाला जोडले आणि सकाळी ६५२ एमबीची, न उघडणारी फाईल समोर आली. ‘कर्ल’सारखे डाउनलोडचे तयार साधन अशा वेळी चूक दाखवून थांबते. ज्यांना अशी स्क्रिप्ट लिहायची आहे, त्यांनी २०६ आल्याशिवाय काहीही जोडू नये.

सर्व्हर असे का वागतो, हेही सांगायला हवे. अपाची किंवा एनजिनएक्स या प्रचलित सर्व्हर-प्रणालींकडे फाईल थेट ठेवली, तर तुकड्यांनी देण्याची सोय मुळातच चालू असते. पण अनेक ठिकाणी डाउनलोडची संख्या मोजण्यासाठी किंवा परवानगी तपासण्यासाठी मध्ये एक प्रोग्रॅम बसवलेला असतो आणि तो फाईल स्वतः वाचून सलग ओतत राहतो. ‘रेंज’चा विचार त्यात कोणी केलेला नसला, की ही सोय तिथेच संपते. मोजणी आणि परवानगी प्रोग्रॅमकडे ठेवून फाईल देण्याचे काम पुन्हा सर्व्हरकडे सोपवण्याची व्यवस्था या दोन्ही सर्व्हरमध्ये करता येते.

स्क्रिप्टमुळे संकेतस्थळावर भार येतो, अशी शंका घेतली जाते. एकाच वेळी शेकडो मागण्या करणारी स्क्रिप्ट चुकीचीच आहे आणि तिला आवर घालावा. परंतु एक तुकडा आला की दुसरा मागणाऱ्या स्क्रिप्टपेक्षा, तीनदा शून्यापासून सुरू होणारे डाउनलोड सर्व्हरलाही कितीतरी महाग पडते.

संबंधित कार्यालयांना माझी विनंती आहे, की संकेतस्थळाच्या कंत्राटातच फाईली तुकड्यांनी देण्याची अट घालावी आणि काम ताब्यात घेताना कोणत्याही मोठ्या फाईलचे पहिले १०० बाइट मागून उत्तर २०६ येते की २००, हे पाहावे. या तपासणीला एक मिनिटही लागत नाही. तोवर निदान मोठ्या अहवालांच्या प्रकरणवार वेगळ्या फाईली ठेवाव्यात.

आपली,
एक ग्रंथालय कर्मचारी, जि. सिंधुदुर्ग