साच्यातले गणपती

महाल, नागपूर

तीर्थरूप आई-बाबांस,
शिरसाष्टांग नमस्कार.

आधी बातमी सांगते, मग काय रागवायचं ते रागवा. मी नोकरी सोडली. सोमवारीच राजीनामा दिला. आई, फोनवर दोनदा तोंडापर्यंत आलं होतं, पण तू बाबांच्या मोतीबिंदूचं सांगत होतीस, मग राहूनच गेलं.

तडकाफडकी नाही सोडली. चार वर्षं मी हॉटेलांच्या लॉबीसाठी चित्रकार रझांच्या धर्तीचे बिंदू, म्हणजे ते मोठे गोल, रंगवत होते, एकेका महिन्यात अकरा-अकरा. लाल रंग सोफ्याला जुळेल असा. सय्यद हैदर रझा 1939 ते 1943 आपल्या नागपुरातच चित्रकला शिकले, हे गिऱ्हाइकांना कौतुकाने सांगायची. मग कळलं, 2009 मध्ये दिल्लीत स्वतःच्याच प्रदर्शनाच्या उद्घाटनाला ते गेले, तर भिंतीवर त्यांच्या नावाची खोटी चित्रं. वय 86. त्यानंतर माझा हातच चालेना. मी कुणाची सही मारत नव्हते, देवाशपथ, सगळं रीतसर होतं. पण ते बिंदू त्यांचे नव्हते आणि माझेही नव्हते.

बाबा, बारावीत असताना मी तुम्हाला म्हणाले होते, "साच्यातले गणपती, त्यात कसली कला?" तुम्ही काहीच बोलला नाहीत, कप घेऊन आत गेलात. ते आठवलं की अजून घास उतरत नाही. एका साच्याचे चाळीस गणपती पडवीत ओळीने बसायचे. तुम्ही डोळ्यांच्या आखणीला बसलात की आई पंखा बंद करायला लावायची. श्वास रोखून पापणीची रेघ एका दमात ओढायचात. चाळीसही गणपती वेगवेगळे बघायचे. माझा लाडका कोणता, ते मी झोपेतसुद्धा सांगितलं असतं. साचा मला दिसला, ती रेघ नाही दिसली. माफ करा.

आता चितार ओळीत एका मूर्तिकाराकडे जाते. शाडूचं काम आहे. त्यांनी अजून डोळे दिले नाहीत, सोंडेवरचे पट्टेच देतात. बरोबरच आहे त्यांचं.

काळजी करू नका. खोली कोरडी आहे, नळाला सकाळी पाणी येतं, डब्यात वरण-भात असतो. सहा महिने निघतील एवढे पैसे बाजूला आहेत. दादाला मी सांगेन, आणि हुडकेश्वरच्या प्लॉटचा विषय यात काढू नका.

बाबा, थेंब घड्याळ बघून टाकायचे. डोळ्यात पाणी जाऊ द्यायचं नाही, वाकून बादली उचलायची नाही, काळा चष्मा काढायचा नाही. आई, तू जिना चढू नकोस. बीपीची गोळी "आज बरं वाटतंय" म्हणून चुकवायची नाही, मला कळतं हं.

डॉक्टर हो म्हणाले की इकडे या. मारबतीच्या मिरवणुकीच्या दिवशी मात्र नको. लहानपणी खांद्यावर बसवून दाखवायचात, पण आता ती गर्दी तुम्हाला सोसायची नाही. आधी या, म्हणजे मूर्ती अजून बिनडोळ्यांच्या असतील. तुमचा शून्य नंबरचा ब्रशही आणा. एसटीने निघू नका, मी काटोलला घ्यायला येते.

तुमची,
छकुली