ट्रक सापडला, मालक सापडला, भरपाई कुठे आहे? केंद्रीय रस्ते वाहतूक मंत्र्यांना खुलं पत्र

मा. केंद्रीय रस्ते वाहतूक व महामार्ग मंत्री यांस,

सप्रेम नमस्कार.

गेल्या आठवड्यात तहसील कचेरीतून मला तलाठ्याच्या अहवालाची प्रत मिळाली. "सदर इसमाच्या नावे कोणतीही स्थावर अथवा जंगम मालमत्ता आढळून आली नाही." सदर इसम म्हणजे ज्याच्या ट्रकखाली माझे पती गेले, तो ट्रकमालक. दुमजली घरात राहतो. शेत फेरफार होऊन बायकोच्या नावावर गेलं, ट्रक विकला, आणि सरकारदरबारी माणूस कफल्लक झाला.

जुलै 2022 ची गोष्ट. हे प्लंबिंगची कामं घ्यायचे. साइटवरून मोटारसायकलने घरी येताना, नाशिक-पुणे महामार्गावर सिन्नरच्या अलीकडे ट्रकने मागून उडवलं. वय 38. ट्रक थांबला नाही. ढाब्यावरच्या पोरांनी पाठलाग करून तो पुढच्या गावात अडवला. पंचनाम्यात लक्षात आलं की ट्रकची विमा पॉलिसी संपून पाच महिने झाले होते.

साहेब, तुमच्या मोटार वाहन कायद्याचा हिशेब ऐका. ट्रक पळाला असता आणि कधीच सापडला नसता, तर 'हिट अँड रन'च्या योजनेतून मला 2 लाख रुपये मिळाले असते. पोरांनी तो पकडून दिला, म्हणून त्या योजनेत मी बसत नाही. विमा असता तर विमा कंपनीला भरावं लागलं असतं. तो नव्हता, म्हणून कंपनीचा संबंध नाही. कलम 164 खाली चूक कोणाची हे न बघता मृत्यूला 5 लाख द्यायचे असतात, तेही मालकाने किंवा त्याच्या विमा कंपनीने. म्हणजे गाडी अज्ञात असेल तर सरकार थोडंतरी देतं, आणि गाडी, नंबर, मालक सगळं माहीत असेल तर विधवेने त्या मालकाच्या मागे फिरायचं. हे ज्यांनी लिहिलं त्यांच्यापैकी कोणी माझ्यासारख्या बाईचा विचार केला होता का?

मोटार अपघात दावा न्यायाधिकरणाने निकाल माझ्या बाजूने दिला. माझ्या पतींची कमाई कोर्टाने धरली त्याहून बरीच जास्त होती, पण प्लंबरला पगाराची स्लिप कोण देतं? कोर्टाने महिना 12 हजार धरले. चाळिशीच्या आतला स्वतःचा धंदा म्हणून 40 टक्के वाढ, म्हणजे 16,800. त्यातून त्यांच्या स्वतःच्या खर्चाचा चौथा हिस्सा वजा, उरले 12,600. वर्षाचे 1,51,200, गुणिले त्यांच्या वयाप्रमाणे ठरलेले 15. झाले 22 लाख 68 हजार. शिवाय अंत्यविधी वगैरे आणि व्याज. सुप्रीम कोर्टाने 2009 आणि 2017 मध्ये ठरवून दिलेलं हे गणित मला आता झोपेतही येतं. सासूबाई विचारतात, पैसे कधी येणार. मी त्यांना काय सांगू? वसुलीचा दाखला जिल्हाधिकाऱ्यांकडे गेला, तिथून तहसीलला, तिथून तलाठ्याकडे, आणि आला तो हा एक ओळीचा अहवाल. थोरला बारावीनंतर कॉलेज सोडून गॅरेजवर जातो. धाकटीची फी माहेरून येते. मी रात्री दोन वाजेपर्यंत ब्लाउज शिवते. असं किती वर्षं चालायचं?

सगळ्यात जास्त जळतं ते ट्रक सोडून दिल्याचं. विमा नसलेल्या गाडीने अपघात केला, तर मालकाने भरपाईची हमी भरल्याशिवाय ती सोडायची नाही, तीन महिन्यांत हमी आली नाही तर लिलाव करून पैसे न्यायाधिकरणात जमा करायचे, असा नियम करा, हे सुप्रीम कोर्टाने 2018 मध्ये सगळ्या राज्यांना सांगितलं. आमच्या अपघातातला ट्रक थोड्याच दिवसांत सुपुर्तनाम्यावर, म्हणजे मालकाने लिहून दिलेल्या कागदावर, ठाण्याच्या आवारातून बाहेर पडला. माझ्या लेकरांच्या वाट्याची तेवढी एकच वस्तू सरकारच्या ताब्यात होती, आणि ती सरकारनेच परत दिली. कोणी विचारलं का, बाई, तुझं काय?

आणि मालकाने विमा का काढावा, तेही सांगा. 12 ते 20 टनांच्या मालट्रकचा थर्ड पार्टी हप्ता 2022 च्या दरपत्रकात 35,313 रुपये आहे. विम्याशिवाय पहिल्यांदा सापडला तर दंड 2 हजार. कैदेची तरतूद कागदावर आहे, पण त्यासाठी आत गेलेला ट्रकमालक मला कोणी दाखवावा. टोलनाक्यावर फास्टॅग चालू नसेल तर तुमची यंत्रणा एका क्षणात ओळखते आणि जादा टोल घेते. त्याच नंबरवर सरकारच्या 'वाहन' पोर्टलमध्ये, म्हणजे गाड्यांच्या ऑनलाइन नोंदीत, विम्याची तारीख असते. ती मला मोबाइलवर दिसते, टोलनाक्याला दिसत नाही? ओडिशा आणि बिहारने टोलनाक्यांवर ई-डिटेक्शन, म्हणजे नंबरवरून गाडीची कागदपत्रं आपोआप तपासणारी यंत्रणा, लावून असे चलन फाडायला सुरुवात केली. जिथे तुमचा टोल बुडतो तिथे यंत्रणा जागी, जिथे माणसं मरतात तिथे झोपलेली.

तुमच्याच मंत्रालयाचा आकडा आहे, 2022 मध्ये रस्त्यावर 1,68,491 माणसं गेली. त्यातलेच एक हे होते. त्याच वर्षी 1 एप्रिलपासून दावा दाखल करायला सहा महिन्यांची मुदत लागू झाली. ही अट 1994 मध्ये संसदेनेच काढून टाकली होती, ती तुम्ही परत आणली. तेरावं, वारसाचे दाखले, शवविच्छेदनाचा अहवाल, एफआयआरची नक्कल, यात सहा महिने कसे जातात ते ज्याच्या घरात झालं त्याला विचारा. बाईला सहा महिन्यांची घाई, आणि ट्रकमालकाला आयुष्यभराची सवड. उद्घाटनाच्या फिती कापायला सगळे येतात. त्याच रस्त्यावर मेलेल्याच्या घरी तलाठ्याच्या कागदाशिवाय कोणी येत नाही. मतं मागायला मात्र आमच्या गल्लीचा पत्ता बरोबर सापडतो.

मोटार वाहन अपघात निधी तुमच्या कायद्यात आहे, 2022 पासून त्याचे नियमही आहेत. विमा नसलेल्या गाडीने माणूस मेला तर न्यायाधिकरणाने ठरवलेली रक्कम आधी या निधीतून द्या, आणि मालकाकडून वसुली सरकारने करावी. सातबारा कधी फिरवला हे तपासायला सरकारकडे माणसं आहेत, माझ्याकडे शिलाई मशीन आहे. अपघातानंतर झालेले फेरफार रोखता येतील असं काही करा. विम्याशिवायची गाडी हमी भरल्याशिवाय ठाण्यातून सोडणाऱ्या अधिकाऱ्यावर जबाबदारी टाका. दंड हप्त्यापेक्षा जास्त करा.

माझ्या अर्जावर 'पुढील कार्यवाहीसाठी संबंधित विभागाकडे वर्ग' असा शेरा मारून तो खाली पाठवू नका. खालून वर सगळीकडे मी जाऊन आले आहे. कायदा तुमच्या मंत्रालयाचा आहे, उत्तर तुम्ही द्यायचं आहे.

आपली,
एका प्लंबरची पत्नी,
नाशिक जिल्हा