अधरमणी नदीच्या वाळूत कसा सापडेल?

मा. संपादक,
स. न. वि. वि.

आपल्या रविवार पुरवणीत मुलांसाठी जी अद्भुत मालिका चालू आहे, तिच्याविरुद्ध गेल्या आठवड्यात एका वाचकांचं पत्र छापून आलं. गुरुत्वाकर्षण वाकवणारा 'अधरमणी' नावाचा दगड, त्यावर तरंगणारा किल्ला, हे सगळं विज्ञानाच्या विरुद्ध आहे, सबब मालिका बंद करा, असं त्यांचं म्हणणं. मी रामटेक तालुक्यातल्या मँगनीजच्या खाणीत तेहतीस वर्षं सर्व्हेअर होतो. माझी विनंती उलट आहे. मालिका बंद करू नका, पण नववा भाग तेवढा दुरुस्त करा. त्यात नायिकेला अधरमणी नदीच्या वाळूत सापडतो. तिथे तो असूच शकत नाही.

ही चूक मी पकडली नाही, माझ्या अकरा वर्षांच्या नातीनं पकडली. पुरवणी हातात घेऊनच ती म्हणाली, "आबाजी, तो वर जाते ना? मग वाळूत काऊन बसला?"

मी चहा ठेवला आणि विचार करू लागलो. नदीच्या वाळूत सोन्याचे कण सापडतात, कारण सोनं जड. पाणी हलकं ते वाहून नेतं, जड ते तळाशी बसतं. अधरमण्याचं सगळं उलटं. ऊन-पावसानं खडक झिजला, खडा मोकळा झाला, की तो सुटलाच आभाळात. लाखो पावसाळ्यांत उघड्यावरचा अधरमणी असा केव्हाच निघून गेला असणार. उरला असेल तो फक्त डोक्यावर जाड कातळ असलेला. म्हणजे तो दुर्मीळ का, याचं उत्तर लेखकाला फुकटात मिळतं. त्यासाठी देवांनी तो लपवून ठेवायची गरज नाही.

आणि मग खाणीची काय मजा होईल बघा! आम्ही छत खाली येऊ नये म्हणून लाकडी टेकू लावायचो. तिथला मजूर खालून वर खोदणार, आणि सुटलेला माल छताला जाऊन चिकटणार. ट्रॉलीला झाकण लागेल, पोत्याला धोंडे बांधावे लागतील. तराजूचं पारडं वर जाणार, तेव्हा मजुरी ठरणार ती पारडं खाली आणायला किती धोंडे लागले त्यावर. मुकादम तिथेही धोंडे मोजताना हात मारणारच, ते कुठल्याही जगात चुकत नाही. मालिकेत या मजुरांबद्दल एक ओळ नाही. किल्ला आयता तरंगतो.

माझा खरा मुद्दा मात्र ओळंब्याचा आहे. जमिनीवर मोजलेली दिशा खाणीच्या पोटात न्यायची, तर शाफ्टमधून, म्हणजे खाणीच्या उभ्या विहिरीतून, दोन तारा सोडतात. खाली वजनं बांधून ती तेलाच्या बादलीत बुडवतात, म्हणजे झोके थांबतात. त्या दोन तारांवर सगळी खाण उभी. तारांमधलं अंतर वर आणि खाली जुळलं नाही, की माझा मदतनीस म्हणायचा, "साहेब, हवा लागून राहिली तारेले." बहुतेक वेळा हवाच असायची. पण जवळच्या कातळात अधरमणी असता, तर जवळची तार जास्त ढकलली गेली असती, लांबची कमी. तेव्हा हा दगड सगळ्यात आधी सापडणार तो राजाला नाही, जादूगाराला तर नाहीच. सापडणार तो सर्व्हेअरला, आणि तोही आधी आठवडाभर स्वतःचीच आकडेमोड तपासत बसणार.

टीकाकार वाचकांसाठी सांगतो, ओळंबा वाकतो ही कल्पना नाही. एकोणिसाव्या शतकात भारताची जमीन मोजणाऱ्या त्रिकोणमितीय सर्वेक्षणात उत्तरेतलं कलियाना आणि मध्य भारतातल्या सिरोंजजवळचं कल्याणपूर यांच्या अक्षांशांतला फरक दोन रीतींनी काढला, एकदा ताऱ्यांवरून आणि एकदा जमिनीवरच्या मोजणीवरून. दोन उत्तरांत पाच सेकंदांहून (वेळेचे नव्हे, कोनाचे; एका अंशाचे 3600 सेकंद) थोडा जास्त फरक आला, म्हणजे जमिनीवर दीडशे मीटरच्या आसपास. ताऱ्यांच्या मोजणीला ओळंबा लागतो, आणि हिमालय तो स्वतःकडे ओढत होता. कलकत्त्याचे धर्मगुरू आणि गणिती प्रॅट यांनी हिमालयाच्या वजनाचा हिशेब मांडला, तर फरक पंधरा सेकंदांच्या वर यायला हवा होता. डोंगराची ओढ एवढी कमी का, याचं उत्तर ब्रिटिश खगोलशास्त्रज्ञ एअरी यांनी 1855 मध्ये दिलं: डोंगराखाली हलक्या खडकाचं मूळ खोल गेलेलं असतं. आपल्या नागपूरच्या झीरो माईलचा दगड त्याच सर्वेक्षणाची आठवण आहे. पोरं तिथे घोड्यांच्या पुतळ्यांजवळ फोटो काढून परततात.

पाण्याचंही तसंच. पाणी ओळंब्याशी काटकोनात राहतं. श्रीलंकेच्या दक्षिणेला गुरुत्वाकर्षण थोडं कमी आहे, म्हणून तिथे समुद्राची सरासरी पातळीच सुमारे 100 मीटर खोलगट आहे. मालिकेतल्या राजधानीखाली अधरमण्याचा डोंगर आणि तिथलं तळं 'आरशासारखं सपाट'? ते परातीसारखं खोलगट हवं.

नावाबद्दलही थोडं. दगडाला 'अधर', म्हणजे अधांतरी, असं नाव देऊन लेखक मोकळे झाले. खरे दगड गावांची आणि माणसांची नावं घेतात, आणि ती टिकतातच असं नाही. आपल्याच जिल्ह्यातल्या बेलडोंगरीच्या एका काळ्या, चुंबकाला झटकन ओढल्या जाणाऱ्या खनिजाला भूवैज्ञानिक फर्मर यांनी आपले सहकारी व्रेडेनबर्ग यांचं नाव दिलं होतं. पुढे कळलं की ते एक खनिज नसून दोन खनिजं एकमेकांत विणलेली आहेत. छिंदवाड्याच्या सीतापारचं सीतापाराइटही अमेरिकेत आधीच सापडलेलं बिक्सबाइट निघालं. गोंडांच्या नावाचा गोंडाइट खडक मात्र टिकून आहे. असा पुस्तकातून पुसला गेलेला दगड आमच्या शेजारी होता, तर न झालेल्या दगडाचा एवढा राग कशाला?

नातीनं आमच्या जिन्यात दोरीला माझा जुना पितळी ओळंबा टांगला आहे, खाली गोडेतेलाची वाटी. रोज सकाळी ती भिंतीवर पेन्सिलीनं खूण करते. अजून तसूभरही हललेला नाही. खालच्या मजल्यावरच्या बाईंना वाटीत पाय पडण्याची भीती आहे, ती रास्त आहे.

लेखकांना एवढंच विचारा: किल्ल्याच्या दरबारात ओळंबा टांगला, तर तो कुठे जाईल? दहावा भाग छापण्याआधी उत्तर मिळालं तर बरं, कारण नात मला रोज विचारते आहे.

आपला,
एक निवृत्त खाण सर्व्हेअर,
मानेवाडा, नागपूर