ह्यांचे खांदे बोलतात, हे तुम्ही दाखवलंत

प्रिय ताई,

सप्रेम नमस्कार.

पार्किन्सन्सच्या रुग्णांसाठीचा तुमचा नृत्यवर्ग संपल्यावर आभार मानायला जवळ आलं की तुम्ही खुर्च्या उचलायला पळता, म्हणून हे पत्र. आणि ते सगळ्यांना वाचता येईल असं मुद्दाम लिहिते आहे. आमच्यासारखी घरं पुष्कळ आहेत. "या वयात आणि या आजारात नाच कसला?" असं आम्हाला विचारणारेही पुष्कळ भेटले. त्यांनाही उत्तर मिळू दे.

पार्किन्सन्स म्हटलं की लोकांच्या डोळ्यांसमोर थरथरणारा हात येतो. ह्यांना कंप जवळजवळ नाहीच. ह्यांना आहे तो ताठरपणा आणि मंदपणा. सुरुवात अक्षरापासून झाली. सगळ्या गोतावळ्याच्या लग्नपत्रिकांचे पत्ते ह्यांच्याकडून लिहून घेतले जायचे, इतकं टपोरं अक्षर. ते ओळीच्या शेवटाकडे जाता जाता मुंगीएवढं व्हायला लागलं. मग चालताना उजवा हात हलेनासा झाला. आणि मग, कुणाच्या लक्षात येणार नाही इतक्या हळूहळू, चेहरा थांबला.

मी शाळेत विज्ञान शिकवत असे, त्यामुळे डॉक्टरांनी सांगितलेलं समजून घ्यायला मला फार जड गेलं नाही. मध्यमेंदूत सबस्टॅन्शिया नायग्रा नावाचा भाग असतो. तिथल्या डोपामिन, म्हणजे हालचालींसाठी लागणारं मेंदूतलं रसायन, तयार करणाऱ्या पेशी या आजारात मरत जातात आणि लक्षणं दिसेपर्यंत त्यातल्या बऱ्याच गेलेल्या असतात. ज्या हालचाली आपण ठरवून करत नाही, त्यांना आधी फटका बसतो: चालताना हात हलणं, पापण्या मिटणं, कुणी हसलं की आपल्याही ओठांचं हलणं. मुखवट्यासारखा चेहरा म्हणतात ते हेच. आतलं हसू, आतला राग, आतली काळजी शाबूत असते. फक्त ती चेहऱ्यापर्यंत पोचत नाही.

पुस्तकात हे एका ओळीत येतं. घरात ते वर्षानुवर्षं चालतं. नात विचारायची, "आजोबा माझ्यावर चिडलेत का?" भेटायला आलेली माणसं चहा संपवून लवकर उठायची, कारण समोरचा माणूस दगडासारखा बसलाय असं त्यांना वाटायचं. गोळ्यांनी पायांना, हातांना बरीच मदत झाली. चेहऱ्याला फारशी नाही. पूर्वी हे गप्पांचा फड जमवायचे. आता माणसांची ये-जा कमी झाली, आणि ती कमी झाली म्हणून हेही अधिकच गप्प झाले. माझ्या मते या आजाराचा सगळ्यात क्रूर भाग हाच आहे. थांबलेल्या पायाला आधार देता येतो. थांबलेल्या चेहऱ्याचं काय करायचं, हे आम्हाला कुणी सांगितलं नव्हतं.

तुम्ही सांगितलंत. सांगितलं म्हणण्यापेक्षा करून घेतलंत.

तुमच्या वर्गाची सुरुवात खुर्च्यांच्या वर्तुळात होते. प्रत्येकाने आपलं नाव घ्यायचं आणि नावासोबत एक हालचाल करायची. मग सगळ्यांनी ते नाव आणि ती हालचाल जशीच्या तशी करायची. पहिल्या वेळी ह्यांनी नाव पुटपुटलं आणि उजवा खांदा इतका थोडा उचलला, की मी शेजारी बसलेली असूनही मला तो दिसला नाही. तुम्हाला दिसला. तुम्ही तो खांदा तितकाच उचललात, त्याच संथपणे, आणि मग सगळ्या वर्तुळाने उचलला. "पुन्हा," असं तुम्ही म्हणालात. पुन्हा उचलताना तो थोडा मोठा झाला होता.

चहाच्या वेळी तुम्ही या पद्धतीचा इतिहास सांगितलात तो मला फार आवडला, म्हणून इथे लिहिते. मारियन चेस ही अमेरिकेतली नर्तकी वॉशिंग्टनमध्ये नृत्य शिकवायची. तिच्या लक्षात आलं, की काही जण नर्तक व्हायला येतच नाहीत, मन मोकळं व्हावं म्हणून येतात. ते पाहून तिथले डॉक्टर तिच्याकडे माणसं पाठवू लागले आणि 1942 पासून ती सेंट एलिझाबेथ्स या मनोरुग्णालयात काम करू लागली. मनोविकारांवरची आजची औषधं तेव्हा आलेली नव्हती. महायुद्धातून परतलेले सैनिक आणि वर्षानुवर्षं शब्द न बोललेली माणसं तिच्यासमोर असायची. ती त्यांना नाच शिकवायची नाही. समोरचा माणूस जे करत असेल, मग ते नुसतं डोलणं का असेना, ते ती आपल्या अंगात घ्यायची आणि त्याला परत द्यायची. 1966 मध्ये अमेरिकेत नृत्योपचारकांची संघटना स्थापन झाली, तिची पहिली अध्यक्ष चेसच होती. तुम्ही ह्यांच्या खांद्याला दिलेलं उत्तर इतक्या दुरून आलं होतं.

हे का लागू पडतं, यावर मी बराच विचार केला. दोन माणसं बोलतात तेव्हा नकळत एकमेकांच्या चेहऱ्याची थोडी थोडी नक्कल करत असतात. त्या देवाणघेवाणीतून समोरच्याचं मन कळतं आणि आपलंही त्याला कळतं. ह्यांच्या बाजूने ती परतफेड बंद झाली होती. तुमच्या वर्तुळात ती चेहरा सोडून खांद्यांतून, तळव्यांतून, मानेतून पुन्हा सुरू झाली. बरोबरीने हलण्याचा परिणाम प्रयोगांतही दिसला आहे. ऑक्सफर्डच्या ब्रॉनविन टार आणि सहकाऱ्यांनी ब्राझीलमधल्या शाळकरी मुलांना गटागटाने नाचवलं. त्यांचा अभ्यास 2015 मध्ये प्रसिद्ध झाला. एकाच वेळी एकसारखं नाचलेल्या मुलांची वेदना सहन करण्याची मर्यादा वाढली आणि त्यांना एकमेकांविषयी अधिक जवळीक वाटली. नुसत्या बसून केलेल्या, फारसे श्रम नसलेल्या हालचालींतही एकसारखेपणाचा हा परिणाम दिसला. खुर्चीत बसून नाचणाऱ्या आमच्या मंडळींसाठी हे केवढं महत्त्वाचं आहे!

पण ताई, तुमच्या कथकाने जे केलं ते मला कुठल्या अभ्यासात वाचायला मिळालं नाही. नृत्य-हालचाल उपचाराचा मुंबईच्या टाटा समाजविज्ञान संस्थेतला अभ्यासक्रम तुम्ही केलात, पण त्याआधी कित्येक वर्षं पायात घुंगरू होते. भाव नुसता चेहऱ्यावर नसतो, तो सगळ्या अंगात असतो, हे तुम्हाला वेगळं शिकावं लागलं नसणार. तुम्ही एकदा वीररस घेतलात. सगळ्यांना म्हणालात, "चेहरा विसरा. पाठ सरळ, छाती उघडी, नजर लांब. आता तुम्ही कोण आहात?" ह्यांच्या मणक्याला कितीतरी दिवसांनी ताठरपणाऐवजी ताठपणा आला. मग करुण घेतलात, तळव्यांतून. मग शृंगार, आणि जोड्या लावून सगळ्यांना लाजवलंत. त्यानंतर आम्हा घरच्यांना वेगळं बसवून तुम्ही सांगितलंत, "घरी गेल्यावर यांच्या चेहऱ्याकडे बघत बसू नका. खांदे बघा, बोटं बघा, श्वास बघा."

तेव्हापासून आमच्या घरातलं बोलणं बदललं. हे आनंदात असले की डाव्या हाताची बोटं मांडीवर हलकेच फिरतात. कंटाळले की श्वास वर वर होतो. एखादी गोष्ट पटली नाही की उजवा खांदा किंचित मागे जातो. जाणार हे आता मला आधीच कळतं. नातीला तर हा खेळच झाला आहे. ती समोर बसते, हे बोट हलवतील तसं हलवते, आणि मला सांगते, "आजी, आजोबा हसतायत."

पायांचंही सांगायला हवं. दाराच्या उंबऱ्याशी ह्यांचे पाय जमिनीला चिकटल्यासारखे व्हायचे. या आजारातलं हे फ्रीझिंग आम्हा सगळ्या शुभार्थी-शुभंकरांच्या, म्हणजे रुग्णांच्या आणि त्यांना सांभाळणाऱ्यांच्या, ओळखीचं आहे. दार, अरुंद बोळ, वळण आलं की पाऊल उठतच नाही. तुम्ही ह्यांना विचारलंत, "तरुणपणी कशावर नाचलात?" हे फलटणकडचे. माऊलींची पालखी गावावरून जाणारी, दिंडीत टाळ घेऊन पावली खेळलेले. पुढच्या वर्गात तुम्ही टाळ घेऊन आलात. "ग्यानबा-तुकाराम"चा ठेका सुरू झाला आणि ह्यांचं पाऊल पुढे गेलं, मागे आलं, पुन्हा पुढे गेलं. आम्ही सगळे बघत राहिलो.

शिक्षिकेच्या सवयीने मी त्यामागचं कारण शोधलं. सवयीची हालचाल आपोआप सुरू करून देणारी मेंदूच्या खोलातली व्यवस्था या आजारात अडते. बाहेरून ठेका मिळाला, की कानाकडून पायाकडे जाणारे दुसरे मार्ग मदतीला येतात, असं मानतात. मायकेल थॉट आणि सहकाऱ्यांनी 1996 मध्ये पार्किन्सन्सच्या रुग्णांकडून तीन आठवडे तालाच्या साथीने चालण्याचा सराव करून घेतला, तेव्हा त्यांचा वेगही वाढला आणि पावलाची लांबीही. अमेरिकेतल्या सेंट लुईसमध्ये मॅडलिन हॅकनी आणि गॅमन अर्हार्ट यांनी टँगो नृत्याचा उपयोग तपासला. त्यात मागे पाऊल टाकणं, मध्येच थांबणं, पुन्हा निघणं हे सतत येतं, आणि तोलासाठी नेमकं तेच हवं असतं. पावलीत दुसरं काय आहे? आता उंबऱ्याशी पाय अडला, की मी हाताने दोन टाळ्या देऊन "ग्यानबा" म्हणते, हे मनात "तुकाराम" म्हणतात, आणि बहुतेक वेळा पाऊल निघतं.

"बहुतेक वेळा" हे शब्द मी तुमच्याकडून घेतले. तुम्ही कधीच खोटी आशा विकली नाहीत, याचे आभार मला सगळ्यात ठळकपणे मानायचे आहेत. टोरांटोच्या यॉर्क विद्यापीठाचा अभ्यास मी उत्साहाने तुम्हाला दाखवला होता. आठवड्यातून एकदा नृत्यवर्गाला येणाऱ्यांची हालचालींची लक्षणं तीन वर्षांत न नाचणाऱ्यांच्या मानाने फारशी वाढली नाहीत, असं त्यात आढळलं. तुम्ही तो वाचलात आणि म्हणालात, "काकू, नाचणारे फक्त 16 जण आहेत. आनंद मानूया, पण गोळीची वेळ चुकवायची नाही." वर्गाची वेळही तुम्ही सगळ्यांच्या गोळ्यांचा असर असेल अशी ठेवलीत. मागे आधाराला स्वयंसेवक, खुर्च्यांच्या पायांना रबर, घसरणाऱ्या चपला बाहेर. बाहेरून बघणाऱ्याला यातलं काही दिसत नाही. त्याला फक्त नाचणारी म्हातारी माणसं दिसतात.

आणि आम्ही शुभंकर. तुम्ही आम्हाला भिंतीशी पर्स सांभाळत बसू दिलं नाहीत. ह्यांच्यामागे स्वयंसेवक उभा करून मला दुसऱ्याच एका आजोबांची जोडीदार केलंत. आजारी माणसाला सांभाळणाऱ्या बाईचा हात सतत पकडण्याच्या, सावरण्याच्या तयारीत असतो. तो तसाच आखडून जातो. तुमच्या वर्गात माझा हात नुसता हवेत उघडा राहिला. त्या रात्री मला गाढ झोप लागली.

न्यूयॉर्कच्या ब्रुकलिनमध्ये 2001 मध्ये मार्क मॉरिस यांच्या नृत्यसंस्थेने तिथल्या पार्किन्सन्स गटाबरोबर असे वर्ग सुरू केले. आपल्या पुण्यात नर्तक हृषीकेश पवारांनी ही वाट दाखवली, आणि पार्किन्सन्स मित्रमंडळामुळे माणसं एकमेकांना सापडली. तरीही निदान झाल्यावर हातात पडणाऱ्या कागदावर नृत्याचा उल्लेख क्वचितच असतो. हे वाचणाऱ्या डॉक्टरांना आणि फिजिओथेरपिस्टांना माझी कळकळीची विनंती आहे: चेहरा पुरता थांबायच्या आत, पडण्याची भीती मनात घर करायच्या आत, तुमच्या रुग्णांना अशा वर्गाचा पत्ता द्या. आणि नृत्य शिकलेल्या मुलामुलींना सांगते, या कामाचं रीतसर शिक्षण मिळतं आणि तुमची गरज आहे. आमच्या ताईंकडे जागा अपुरी पडू लागली आहे.

हॉलच्या भाड्यासाठी आम्ही काही घरांनी मिळून वर्गणी काढली आहे. तुम्ही नको म्हणाल हे माहीत आहे, म्हणून ती थेट हॉलच्या कार्यालयात भरली आहे आणि पावती ह्यांच्या पाकिटात आहे.

ह्यांचा एक निरोप आहे. पावलीची लय जरा वाढवा म्हणतात. मी म्हटलं, तोल जाईल. त्यावर उजवा खांदा मागे गेला. तेव्हा मंगळवारी तुम्हीच काय ते ठरवा.

तुमची,
काकू