एका कोंबडीत अख्ख्या घराचं जेवण शिकवणाऱ्या वहिनींना

प्रिय वहिनी,

सप्रेम नमस्कार.

फोनवर आभार मानायला लागलं की तुम्ही "अगं, त्यात काय एवढं" म्हणता आणि विषय बदलता. म्हणून हे पत्र, आणि तेही सगळ्यांना वाचता येईल असं. ज्या घरात आजाऱ्याचं वेगळं शिजतं, अशा घरांना तुमचं हे देणं उपयोगी पडेल असं मला मनापासून वाटतं.

बाबांचं, म्हणजे माझ्या सासऱ्यांचं, पित्ताशयाचं ऑपरेशन झालं तेव्हा आमच्या घरात काय चाललं होतं ते तुम्ही शेजारून पाहतच होता. डॉक्टरांनी काही दिवस तेल-तूप अगदी कमी करायला सांगितलं. आमचं घर नागपूरचं, सावजी रश्शावर वाढलेलं. रविवारी तर्री नसेल तर जेवण झालं असं कुणाला वाटत नाही. बाबांसाठी वेगळ्या गंजात मऊ भात आणि फिकं वरण शिजायचं. सासऱ्यांनी एक शब्द तक्रार केली नाही. फक्त ते आमच्या आधी, एकटे जेवून घ्यायला लागले. मला ते फार लागायचं. ज्या माणसाने आयुष्यभर सगळ्यांना पंगतीला बसवून वाढलं, तो माणूस ताट घेऊन खोलीत जात होता.

तेव्हा तुम्ही डबा घेऊन आलात. वरच्या खणात तांदळाची पेज, कोंबडीच्या पाण्यात शिजवलेली, वर मिरपूड आणि कांद्याची हिरवी पात. खालच्या खणात कोबी, गाजर आणि कोंबडीचं ते सॅलड. तुम्ही म्हणालात, "हे दोन्ही एकाच पातेल्यातलं आहे. पेज त्यांना, सॅलड तुम्हाला. बसा सगळे एकत्र." त्या दिवशी बाबा टेबलावर बसले.

व्हिएतनाममधल्या सायगॉनला तुम्ही इतकी वर्षं राहिलात, तिथल्या घरमालकीणबाईंकडून हे शिकलात, हे तुम्ही सांगितलंच होतं. तिकडे 'गोई गा' म्हणजे कोंबडीचं सॅलड आणि 'चाओ गा' म्हणजे कोंबडीची पेज, ही जोडगोळी घरोघरी एकत्र होते. कोंबडी उकडायची, मांस सॅलडला, पाणी पेजेला. हाडंसुद्धा पुन्हा पातेल्यात. यातली काटकसर मला आवडलीच, पण त्याहून मोठी गोष्ट अशी की ज्याला पचायला हलकं हवं आणि ज्याला चमचमीत हवं, ते दोघं एकाच वेळी एकाच टेबलावर बसतात. हे ज्या बायकांनी पहिल्यांदा केलं असेल त्यांच्या घरातही कुणीतरी आजारातून उठलेलं असणार, असं मला उगाच वाटत राहतं.

तुम्ही मला कृती लिहून दिली नाहीत, शेजारी उभं करून शिकवलंत, त्याचे आभार वेगळे. आता वाचणाऱ्यांसाठी मीच ती लिहिते. काही राहिलं तर तुम्ही कान धरा.

सव्वा किलोची आख्खी कोंबडी, ती बुडेल एवढं पाणी, ठेचलेलं आलं, दोन छोटे कांदे, मीठ. उकळी आली की फेस काढायचा आणि आच इतकी मंद करायची की पाणी नुसतं हलत राहील. पंचवीस मिनिटं. मग गॅस बंद, झाकण घट्ट, आणखी वीस मिनिटं तसंच. मांडीच्या जाड भागात सुरी खुपसल्यावर पाणी स्वच्छ आलं पाहिजे. तुमच्याकडे थर्मामीटर होता, त्यात 74 अंश दिसल्याशिवाय तुम्ही कोंबडी बाहेर काढू दिली नाहीत. खळखळ उकळलेली कोंबडी चिवट होते आणि मंद आचेवरची रसाळ राहते, हे तुम्ही दोन तुकडे शेजारी ठेवून मला चाखायला दिलंत. नंतर कोंबडी बर्फाच्या पाण्यात. कातडी आवळून येते, मांस सुटसुटीत होतं. व्हिएतनाममध्ये यासाठी 'गा ता', म्हणजे मोकळी फिरणारी देशी कोंबडी पसंत करतात, कारण तिच्या मांसाला चव आणि घट्टपणा असतो. आपल्याकडे गावरान मिळाली तर तीच घ्यावी, फक्त तिला तासभर तरी द्यावा लागतो.

मांस सुरीने कापायचं नाही, बोटांनी धाग्या-धाग्याने सोलायचं. तुम्ही पाटावर बसून ते कसं करायच्या ते अजून डोळ्यासमोर आहे. अंगठ्याने छातीच्या तुकड्यावर हलका दाब, धागा कुठे जातोय ते बघायचं, आणि तिकडेच ओढायचं. कापलेल्या तुकड्यावर रस घसरून खाली जातो, सोललेल्या धाग्यांत तो मुरतो. सोलून झालं की लगेच त्यावर दोन चमचे ड्रेसिंग शिंपडायचं, बाकीचं शेवटी.

पत्ताकोबी केसासारखी बारीक चिरून बर्फाच्या पाण्यात दहा मिनिटं, मग अगदी कोरडी निथळायची. गाजराचे तसेच बारीक काप. कांद्याचे पातळ उभे काप थोड्या व्हिनेगर-साखरेत भिजवले की उग्रपणा जातो आणि गुलाबी रंग चढतो. तिकडे 'राऊ राम' नावाचा पाला यात लागतोच. तो इथे नाही, तेव्हा तुम्ही हिरवा सांबार, म्हणजे कोथिंबीर, आणि पुदिना भरपूर घेतलात आणि अंगणातल्या कागदी लिंबाचं एक कोवळं पान, मधली शीर काढून, धाग्यासारखं चिरून टाकलंत. उत्तर व्हिएतनाममध्ये उकडलेल्या कोंबडीवर लिंबाचं पान असं चिरून घालायची जुनी रीत आहे, हे तेव्हा तुमच्याकडूनच कळलं. त्या एका पानाने अख्खं भांडं जागं होतं.

आणि आता बाटली. पहिल्यांदा तुम्ही फिश सॉसचं झाकण उघडलंत तेव्हा आमच्या सासूबाई उठून गच्चीवर गेल्या. कोकणातल्या वाचकांना सुकटी-बोंबलाच्या वासाचं काही वाटणार नाही, पण आम्ही समुद्रापासून फार लांबची माणसं. तुम्ही न चिडता त्यांना परत बोलावलंत आणि हे कसं तयार होतं ते सांगितलंत: समुद्रातले छोटे मासे, साधारण तीन भागांना एक भाग मीठ, मोठमोठ्या लाकडी पिंपांत वर्षभर मुरत ठेवायचे, आणि जे तांबूस पाणी उतरतं तेच 'नुओक माम'. फू क्वोक बेटावरच्या सॉसला युरोपीय संघाने 2012 मध्ये भौगोलिक नावाचं संरक्षण दिलं, हे ऐकल्यावर सासूबाईंनी बाटली स्वतः हातात घेऊन पाहिली. चांगल्या बाटलीवर मासा आणि मीठ याखेरीज फारसं काही लिहिलेलं नसतं आणि प्रथिनांचा अंश आकड्यात दिलेला असतो. तीस, चाळीस असा. आकडा जितका मोठा तितका सॉस दाट आणि गोडसर. हे मी आता दुकानात लेबल वाचून बघते.

सॅलडचं ड्रेसिंग म्हणजे हा सॉस, लिंबाचा रस आणि साखर, तिन्ही सारखे, तीन-तीन चमचे. साखर पूर्ण विरघळेपर्यंत ढवळायची. मग ठेचलेला लसूण आणि लाल मिरचीचे बारीक तुकडे. तेलाचा थेंब नाही. बाबांच्या दृष्टीने यापेक्षा चांगलं काय असणार होतं? पण प्रमाण सांगून तुम्ही थांबला नाहीत. प्रत्येक वेळी कोबीचं एक पान ड्रेसिंगमध्ये बुडवून मला चाखायला लावलंत. नुसतं ड्रेसिंग जिभेवर फार तिखट-खारट लागतं, कोबीबरोबर मात्र बरोबर बसतं. आपली लिंबं कधी आंबट, कधी नुसती पाणीदार, त्यामुळे चमचे मोजून भागत नाही.

वाढायच्या क्षणी सगळं एकत्र करायचं, आधी नाही, नाहीतर कोबी पाणी सोडते. वर भाजून जाडसर कुटलेले शेंगदाणे आणि छोट्या मद्रासी कांद्याचे तळलेले काप. हे काप पुरते तांबूस व्हायच्या आधीच काढायचे, बाहेर आल्यावरही रंग चढत राहतो. हे दोन्ही तुम्ही वेगळ्या वाटीत ठेवायला सांगितलंत. ज्याला चालतं त्याने घ्यावं. बाबांच्या ताटात वाटीतलं काही नाही, कातडी काढलेलं मांस, आणि पेजेचं पाणी आदल्या दिवशी फ्रिजमध्ये ठेवून वर गोठलेली चरबी काढून टाकलेली. बाकी ताट आमच्यासारखंच. ते ताट पाहून कुणाला कळलंही नसतं की यातलं आजाऱ्याचं कुठलं.

पेजेसाठी भंडाऱ्याकडचा चिन्नोर तांदूळ कोरडाच किंचित भाजून घेते आणि वाटीभर तांदळाला आठ-नऊ वाट्या पाणी धरते. तुम्ही तिकडे तुकडा तांदूळ वापरायच्या, तोही छान होतो.

डॉक्टरांची परवानगी मिळाली तसं बाबांनीही आधी चमचाभर, मग वाटीभर सॅलड घ्यायला सुरुवात केली. दाण्याचं कूट, लिंबू, साखर, सांबार हे सगळं कोशिंबिरीमुळे त्यांच्या ओळखीचंच, त्यामुळे त्यांना ते परकं वाटलं नाही. पहिल्यांदा चव घेऊन त्यांनी सासूबाईंकडे बघितलं आणि म्हणाले, "हे रविवारी करा." आता ते बरे आहेत, सावजीही बेताने खातात. तरी मे महिन्यात पारा पंचेचाळीसच्या वर गेला की आमच्याकडे रविवारी गोई गा आणि चाओ गाच होतं. मांस सोलायचं काम त्यांनी स्वतःकडे घेतलंय. दुसऱ्या कुणाला हात लावू देत नाहीत.

वहिनी, तुम्ही आमच्याकडे रोज येऊन विचारपूस केली नाहीत, सल्ले दिले नाहीत, धीराची भाषणं केली नाहीत. तुम्ही आमच्या घरातली अडचण नेमकी कुठे आहे ते ओळखलंत आणि दुपारभर आमच्या ओट्यापाशी उभ्या राहिलात. स्वतःची जपून आणलेली बाटली आमच्यासाठी फोडलीत. त्याबद्दल आमच्या घरातल्या प्रत्येकाच्या वतीने, बाबांच्या वतीने सगळ्यात आधी, मनापासून आभार.

दिवाळीत नागपूरला याल तेव्हा जेवायला आमच्याकडेच यायचं, भाऊजींना आणि मुलांना घेऊन. गावरान कोंबडी सांगून ठेवते. पुण्यात कुठे राऊ रामची जुडी किंवा रोप मिळालं तर तेवढं घेऊन या, सासूबाईंनी त्यासाठी गच्चीवर कुंडी भरून ठेवली आहे.

तुमची,
शेजारीण