ऑपरेटरकाका, तो अर्धा सेकंद तुमचा

प्रिय ऑपरेटरकाका,
सप्रेम नमस्कार.

'कथा' सिनेमाचा खेळ सुटल्यावर लोक सई परांजपेंबद्दल बोलत होते, नसीर-फारुखबद्दल बोलत होते. तुमच्या प्रोजेक्टरच्या केबिनकडे कुणी वळून पाहिलं नाही, म्हणून हे पत्र.

सईबाई मूळच्या पुणे आकाशवाणीच्या. पुढे नाटक, दूरदर्शन. 'स्पर्श' (१९८०), 'चश्मेबद्दूर' (१९८१) आणि 'कथा' (१९८३) कानाने लिहिलेले वाटतात ते त्यामुळेच. 'कथा' तर 'ससा आणि कासव' या मराठी नाटकावरून घेतलेला. बाशू (फारुख) बेधडक थाप मारतो, चाळ भुलते, राजाराम (नसीर) गप्प बसतो. त्या गप्प बसण्यातच हसूही आहे आणि चीडही. तेवढी जागा कापली गेली की उरते नुसती थाप.

आणि जुन्या प्रिंटमध्ये नेमकी तीच कापली जाते. रिळाची टोकं दर खेळाला झिजतात, तुटतात, कुणीतरी कात्री लावून जॉइंट मारतं. १२ फ्रेम गेल्या की अर्धा सेकंद गेला. शिवाय ३५ एमएमवर आवाज चित्राच्या सुमारे २० फ्रेम पुढे छापलेला असतो, म्हणजे एकाच कापात चित्र इथलं जातं आणि आवाज जवळजवळ एक सेकंद पुढचा. चिमटा एका वाक्याचा, जखम दोन वाक्यांना.

तुम्ही प्रत्येक रीळ हाताने रिवाइंड केलंत, सुती हातमोजा घालून, फिल्मची कड अंगठा आणि तर्जनीमधून सोडत. फिल्मच्या कडेचं फाटलेलं भोक डोळ्याआधी बोटाला लागतं, हे तिथे उभं राहून पाहिलं. जुने सुटलेले जॉइंट उकलून, एकही फ्रेम न कापता, बरोबर फ्रेमलाइनवर, म्हणजे दोन फ्रेममधल्या रेषेवर, दोन्ही बाजूंनी टेप लावलीत. एका फ्रेमला चार भोकं. एक जरी चुकलं तरी पडद्यावर चौकट सरकते, माणसांची डोकी खाली आणि पाय वर दिसतात.

२,००० फुटांचं रीळ २२ मिनिटं चालतं, की चेंजओव्हर, म्हणजे दुसऱ्या मशीनवरच्या रिळावर उडी. पडद्याच्या वरच्या उजव्या कोपऱ्यातला पहिला ठिपका दिसला की मोटर, सातेक सेकंदांनी दुसरा, की शटर. ठिपके पुसट झाले म्हणून अनेकजण फिल्मवर खिळ्याने फुल्या ओरखडतात. तुम्ही तसं केलं नाहीत. शेवटचं दृश्य आणि शेवटचं वाक्य कागदावर लिहून मशीनशेजारी चिकटवलंत. प्रिंट आली तशीच, नवा ओरखडा न पडता परत गेली. याचे आभार सगळ्यात जास्त.

सईबाईंच्या 'दिशा'ची (१९९०) प्रिंट मिळाली की रिळं दोन दिवस आधी तुमच्याकडे आणून देऊ. ऐन वेळी नाही.

आपली,
फिल्म सोसायटीची मंडळी, पुणे