मिस्त्रीकाकांना, पायाखालच्या फळ्यांबद्दल

आदरणीय मिस्त्रीकाका,
सा. न. वि. वि.

धाकट्या बहिणीच्या लग्नाच्या दिवशी बाबांनी माइक हातात घेऊन सगळ्यांचे आभार मानले. आचारी, सनईवाले, फुलवाले, फोटोग्राफर, गाड्या लावून देणारी गावातली मुलं, कुणी सुटलं नाही. तुम्ही मात्र राहिलात. तुम्ही तेव्हा तिथे नव्हतात. आदल्या रात्रीच्या संगीतासाठी केलेला नाचायचा फ्लोअर पहाटेच उचलून टेम्पो घेऊन गेला होतात. त्या दिवसापासून मला चुटपुट लागून राहिली आहे. म्हणून हे पत्र सगळ्यांना वाचता येईल असं लिहितेय.

संगीताच्या आदल्या संध्याकाळी आमची काय अवस्था होती, ते तुम्ही पाहिलंच. डेकोरेशनवाल्याने प्लास्टिकचे चौकोनी तुकडे एकमेकांत अडकवून थेट हिरवळीवर मांडले होते. दिसायला छान दिसत होते. आमची भावंडं सरावाला चढली आणि दहा मिनिटांत एका बाजूचे तुकडे मातीत बसले, दुसऱ्या बाजूचे कोपरे वर आले. मावशीचा पाय त्यात अडकला, थोडक्यात बचावली. त्या माणसाला विचारलं, तर ‘गवतावर असंच होतं’ म्हणून तो निघून गेला. शेजारच्यांनी तुमचा नंबर दिला. तुमचं काम स्लॅबच्या सेंट्रिंगचं, म्हणजे काँक्रीट ओतताना खाली फळ्यांचा आधार उभारायचं. नाचायचा फ्लोअर तुम्ही कधी केलेला नव्हता आणि ते तुम्ही फोनवर पहिल्याच वाक्यात सांगितलंत. ‘पण माणसं उभी राहणार ना? मग बघू,’ असंही म्हणालात.

सकाळी साडेसहाला तुम्ही आलात. आधी चपला काढून सगळ्या हिरवळीवर फिरलात. मग पहार घेऊन चार-पाच ठिकाणी टोचून पाहिलीत. पाणी कधी दिलं होतं, हा तुमचा पहिला प्रश्न. मी म्हटलं, परवापर्यंत रोज, हिरवळ ताजी दिसावी म्हणून. तुम्ही रागावला नाहीत. आमच्या जुन्नरकडची कुकडीकाठची काळी माती पाणी प्यायली की फुगते, मऊ पडते, तिच्यावर नुसत्या विटा ठेवल्या तर त्या रात्रीतून आत जातात, हे तुम्ही मला नीट समजावून सांगितलंत. वजन एका ठिकाणी येऊ द्यायचं नाही, पसरवायचं. म्हणून आधी हिरवळीवर सेंट्रिंगच्या रुंद फळ्या आडव्या टाकल्यात, फळ्यांवर ठोकळे आणि पाचरी, त्यावर ३ बाय २ इंचांचे १३ वासे, दर १६ इंचांवर एक.

पाणी भरलेल्या पाइपने लेव्हल लावताना त्याचं दुसरं टोक माझ्या हातात होतं. मला ती जागा सपाटच वाटायची, इतकी वर्षं तिथे खेळलो. २० फुटांत पाच इंचांचा उतार निघाला! पावसाचं पाणी वाहून जावं म्हणून आजोबांनीच तो ठेवला असणार, असं तुम्ही म्हणालात. ते खरं होतं.

मग तुम्ही विचारलंत, ‘बायका फुगडी घालणार का?’ आमच्या यादीत सिनेमातली गाणी होती, फुगडी नव्हती. तरी मी हो म्हटलं, कारण आजी आहे. तुम्ही प्लायची मांडणीच बदललीत. आधी १६ बाय १६ फूट ठरलं होतं, ते १६ बाय २० केलंत. १८ मिलीमीटरचे दहा शीट, त्यातले तीन मधोमध कापून वीटकामासारखे सांधे चुकवले, म्हणजे बरोबर मध्यभागी एक अखंड शीट आलं. फुगडीत दोघींचे पाय एकाच जागी फिरतात, सगळा भार टाचांवर, तिथे सांधा असला तर अंगठा अडकतो, हे तुम्ही पायाने करून दाखवलंत. स्क्रू पिळल्यावर प्रत्येक डोक्यावरून तळहात फिरवत होतात. जिथे हाताला लागलं, तिथे पुन्हा पिळलंत.

तुमच्या टेम्पोत सेंट्रिंगचं काळं गुळगुळीत प्लायही होतं. ते दिसायला जास्त चांगलं, म्हणून मी तेच मागत होते. ‘याच्यावर दव पडलं की काच होते,’ म्हणून तुम्ही साफ नकार दिलात आणि साधं वॉटरप्रूफ प्लाय भाड्याने आणवलंत. डिसेंबरातल्या आमच्या दवाची मला कल्पना होती, पण त्याचा नाचाशी संबंध लावला नव्हता. पाच वाजता तुम्ही ताडपत्री टाकलीत, पाहुणे आल्यावरच काढलीत आणि कार्यक्रम चालू असताना दोनदा कोरड्या फडक्याने सगळा फ्लोअर पुसून घेतलात. कडेच्या झेंडूच्या माळाही उचलायला लावल्यात, पाकळी पायाखाली आली की माणूस घसरतो म्हणून. साउंडवाल्याची गवतातून गेलेली वायर बांबूवर चढवून घेतलीत. उताराच्या बाजूला फ्लोअर वीतभर उंच झाला होता, तिथे आजीसाठी फळीचा रॅम्प केलात. हे तर कुणी सांगितलंही नव्हतं.

एक गोष्ट बहुतेक फक्त मीच पाहिली. सगळे नाचत होते आणि तुम्ही कडेला उकिडवे बसून, मान तिरकी करून ऐकत होतात. एवढ्या आवाजात तुम्हाला एक वासा वाजतोय हे कळलं. गाणं संपेपर्यंत थांबलात, हात आत घालून पाचर ठोकलीत आणि पुन्हा कान लावलात.

दहाला नियमाप्रमाणे लाउडस्पीकर बंद झाला. मुलं हिरमुसली. तेव्हा आजी रॅम्पवरून वर आली, तिच्यामागून तिची धाकटी बहीण. दोघींनी पदर खोचले आणि मधल्या त्या अखंड शीटवर फुगडी धरली. आजी ७४ वर्षांची आहे, काका. गुडघे दुखतात म्हणून गेली कित्येक वर्षं तिने मंगळागौरीलासुद्धा फेर धरलेला नाही. स्पीकर नव्हता, त्यामुळे फक्त तोंडाने ‘पक पक’ आणि लाकडावर पडणारी पावलं ऐकू येत होती. मग आत्या, काकू, नवरीची सासू, सगळ्याच. अकरा वाजून गेले तरी झिम्मा चालला होता. माझी बहीण सासरी जाताना ज्या क्षणाबद्दल बोलली, तो हाच.

सकाळी उन्हं यायच्या आत तुम्ही सगळं उचललंत, झाकलेलं गवत उन्हात उकडून मरतं म्हणून. फळ्यांखालचे पट्टे पिवळे पडले होते, आता हिरवे होत आलेत. पैसेही तुम्ही प्लायचं भाडं आणि तीन पोरांची मजुरी एवढेच घेतलेत. बाबांनी वर दिलेलं पाकीट आजीच्या हातात ठेवून गेलात. ते तिने तसंच देवापाशी ठेवलं आहे.

पुढच्या रविवारी शेतात हुरडा आहे. आजीचा निरोप आहे की तुम्ही घरच्यांना घेऊन या, आणि त्या तिघा पोरांनाही आणा. त्या रात्री सगळ्यांत शेवटी जेवलात, या वेळी पहिल्या पंगतीला बसायचं आहे.

तुमची,
नवरीची थोरली बहीण